काळजी करणें आणि काळजी घेणें

आज आपणांपुढें बोलावयास बसलेला मनुष्य डॉक्टर नाहीं, वैद्य नाहीं, कीं मोठा पदवीधरही नाहीं. मॅट्रिक होऊन आणि अध्यापनाचें शिक्षण घेऊन मीं मराठी शाळेंत छत्तीस वर्षें मुलांना शिकविलें, आणि आतां निवृत्त होऊन घरीं बसलों आहें. तेव्हां सततच्या काळजीचा शरीरावर काय परिणाम होतो, हा विषय याला कोणी दिला, असा प्रश्न आपल्या मनांत आला तर त्यांत नवल नाहीं. खरें सांगावयाचें तर तो मला कोणी दिला नाहीं, मींच मागून घेतला. कां मागून घेतला, तें पुढें ओघानें येईल.

प्रथम एका शब्दाविषयीं बोलतों. ही शिक्षकाची खोड आहे, क्षमा असावी. आपल्या मराठींत "काळजी" हा एकच शब्द दोन क्रियापदांबरोबर येतो. आपण काळजी करतों आणि आपण काळजी घेतों. केलेली काळजी करणाऱ्याला पोखरते. घेतलेली काळजी दुसऱ्याच्या उपयोगीं पडते. व्याकरणांत या दोन गोष्टी निराळ्या आहेत, परंतु संसारांत त्या बहुधा एकाच माणसाच्या वांट्याला येतात. जो काळजी घेतो, तोच काळजी करतो. बाकीचे त्याला "उगीच काळजी करूं नकोस" असें सांगून आपापल्या कामाला निघून जातात. मीही त्यांपैकींच एक होतों.

चिता आणि चिंता यांत एका टिंबाचें अंतर, असें आपण लहानपणापासून ऐकत आलों आहों. चिंता मनुष्याला जाळते, हें आपल्या पूर्वजांना ठाऊक होतें. ती कशी जाळते, मनांतली गोष्ट कोणत्या वाटेनें रक्तामांसांत उतरते, हें मात्र गेल्या सव्वाशे वर्षांत हळूहळू उलगडत गेलें. त्यांतलें जेवढें मला वाचून समजलें, तेवढें आज आपणांस सांगावें, असा माझा विचार आहे.

आरंभ पुन्हां भाषेपासूनच करूं. भीतीचें वर्णन करतांना मराठी माणूस काय म्हणतो? तोंडचें पाणी पळालें. छातींत धडकी भरली. अंगावर कांटा आला. दरदरून घाम फुटला. पोटांत गोळा उठला. आपण यांना वाक्प्रचार म्हणतों आणि मुलांकडून त्यांचा वाक्यांत उपयोग करून घेतों. वस्तुतः हीं शरीराचीं अगदीं काटेकोर वर्णनें आहेत. मी नोकरीस नवा होतों तेव्हां आमच्या शाळेची दरवर्षीं तपासणी होत असे. साहेबांची गाडी फाटकापाशीं थांबली कीं माझी जीभ टाळूला चिकटे, तळहात ओले होत, आणि सकाळीं खाल्लेली भाकरी पोटांत दगडासारखी बसून राही. साहेब वर्गांतून बाहेर पडले कीं घटकाभरानें मला तहान लागे, भूक लागे, आणि सारें जेथल्या तेथें येई.

त्या भाकरीचें काय होत असे, याचा उलगडा अमेरिकेंत झाला. हार्वर्ड विद्यापीठांत वैद्यक शिकत असलेला वॉल्टर कॅनन हा विद्यार्थी १८९६ च्या अखेरीस, नुकत्याच सांपडलेल्या क्ष-किरणांच्या साहाय्यानें, प्राण्यांच्या पोटांत अन्न कसें पुढें सरकतें तें पाहूं लागला. अन्नांत बिस्मथचा क्षार मिसळला कीं जठराची आकृति पडद्यावर दिसे. मांजरांवर हे प्रयोग करीत असतां त्याच्या ध्यानांत आलें कीं, मांजर घाबरलें किंवा चिडलें कीं जठराच्या लाटा थांबतात. त्याला चुचकारून शांत केलें कीं त्या पुन्हां सुरू होतात. पुष्कळ संशोधकांनीं ही एक अडचण समजून सोडून दिली असती. कॅनननें तिचाच पाठपुरावा केला, आणि वेदना, भूक, भीति व संताप यांनीं शरीरांत कोणते फेरफार होतात, यावर १९१५ सालीं त्यानें एक ग्रंथ लिहिला. संकट समोर आलें कीं प्राण्याचें शरीर झुंजण्यासाठीं किंवा पळण्यासाठीं एका क्षणांत सिद्ध होतें, हा त्याचा सिद्धांत आज वैद्यकाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला शिकविला जातो.

ही सिद्धता कशी होते, तें एका घरगुती उदाहरणानें पाहूं. मध्यम स्थितींतल्या एखाद्या घरांत अकस्मात् आजारपण येतें. घरचा कर्ता काय करतो? भिंतींना रंग देण्याचा बेत पुढें ढकलतो, गळक्या छपराची डागडुजी लांबणीवर टाकतो, मुलांचे नवे कपडे राहूं देतो, आणि जमेल तेथून पैसा काढून हातांत खेळता ठेवतो. शरीर नेमकें हेंच करतें. संकटाची वर्दी मेंदूला पोंचली कीं, दोन्ही मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या ज्या दोन अधिवृक्क ग्रंथि आहेत, त्यांच्या गाभ्यांतून ॲड्रेनॅलिन हा रस कांहीं सेकंदांतच रक्तांत येतो. नाडी जलद होते, रक्ताचा दाब वाढतो, श्वासनलिका रुंदावतात, आणि पोटाकडचें रक्त हातापायांच्या स्नायूंकडे वळतें. मागाहून, कांहीं मिनिटांनीं, त्याच ग्रंथींच्या बाहेरच्या थरांतून कॉर्टिसॉल नांवाचा दुसरा रस येतो. रक्तांतली साखर वाढवून स्नायूंना आणि मेंदूला सरपण पुरवीत राहणें, हें त्याचें एक मुख्य काम. पचन, वाढ, प्रजनन, झीज भरून काढणें, हीं तांतडीचीं नसलेलीं खातीं तेवढ्या वेळेपुरतीं मागें पडतात.

या व्यवस्थेंत दोष कांहींच नाहीं. रानांत वाघ पुढें आला असतां ज्याच्या शरीरानें पचन चालू ठेवलें असतें आणि पाय जड राहूं दिले असते, त्याचा वंश आजपर्यंत टिकलाच नसता. शिवाय वाघाचें प्रकरण फार वेळ चालत नाहीं. मनुष्य वांचतो किंवा वांचत नाहीं. कसेंही झालें तरी पांचदहा मिनिटांत निकाल लागतो. वांचला तर नाडी उतरते, ग्रंथि शांत होतात, आणि मागें पडलेलीं कामें पुन्हां हातीं घेतलीं जातात. परीक्षेच्या आदल्या रात्रींची हुरहूर, गाडी चुकेल कीं काय ही धांदल, घरच्या लग्नाची धावपळ, यांनीं निरोगी माणसाचें सहसा कांहीं बिघडत नाहीं. त्यांना शेवट असतो.

परंतु डोक्यावरचें कर्ज पांचदहा मिनिटांत फिटत नाहीं. भाऊबंदकीचा दावा वर्षानुवर्षें चालतो. मुलाच्या नोकरीची विवंचना, घरांतला रोजचा कलह, अंथरुणाला खिळलेलें माणूस, यांपासून पळून कोठें जाणार, आणि झुंजणार तरी कोणाशीं? शरीराला मात्र वाघ आणि सावकार यांतला फरक कळत नाहीं. तें आपला जुना उपाय चालूच ठेवतें. चार दिवसांच्या अडचणीसाठीं लांबणीवर टाकलेली छपराची डागडुजी चार वर्षें तशीच राहते, आणि मग पावसाळ्यांत घराचें जें व्हावयाचें तेंच होतें.

ही गोष्ट प्रयोगानें प्रथम दाखवून देणाऱ्यांत हान्स सेल्ये याचें नांव घेतलें जातें. १९०७ सालीं व्हिएन्ना येथें जन्मलेला हा संशोधक कॅनडांतील माँट्रियल येथें मॅकगिल विद्यापीठांत काम करीत होता. तो उंदरांना एका ग्रंथीचा अर्क टोंचीत होता. त्या उंदरांत त्याला तीन फरक दिसले: अधिवृक्क ग्रंथि फुगल्या होत्या, रोगप्रतिकाराशीं संबंध असलेली छातींतली थायमस ग्रंथि आक्रसली होती, आणि जठरांत व्रण पडले होते. त्याला वाटलें, आपल्याला नवा रस सांपडला. पण दुसरेंच कांहीं टोंचलें तरी तेंच होई. थंडींत ठेवलें तरी तेंच, अतिश्रम करविले तरी तेंच. कारण कोणतेंही असो, शरीराची तक्रार एकच होती. जुलै १९३६ मध्यें "नेचर" या सुप्रसिद्ध शास्त्रीय पत्रांत एका लहानशा पत्राच्या रूपानें त्यानें हें प्रसिद्ध केलें. पहिली अवस्था धोक्याच्या घंटेची, दुसरी तग धरण्याची, आणि त्रास थांबलाच नाहीं तर तिसरी थकून कोसळण्याची, असा क्रम त्यानें मांडला. दुसऱ्या अवस्थेंत प्राणी वरून धडधाकट दिसतो, एवढें आपण लक्षांत ठेवावें. मला पुढें तें आपणांस आठवून द्यावयाचें आहे.

आतां हा दीर्घकाळचा ताण कोठें कोठें जाऊन बसतो, तें थोडक्यांत सांगतों. वारंवार वाढणाऱ्या दाबानें रक्तवाहिन्यांच्या भिंतींवर झीज पडते, आणि उच्च रक्तदाब व हृदयविकार यांना वाट मोकळी होते. रक्तांत साखर सतत वाढती राहिल्यामुळें मधुमेहाकडे ओढ असलेल्या माणसाचें पाऊल त्या बाजूला पडतें, आणि चरबी विशेषेंकरून पोटाभोंवतीं साठते. कॉर्टिसॉलचें प्रमाण निरोगी माणसांत सकाळीं उठण्याच्या सुमारास सर्वांत अधिक आणि मध्यरात्रींच्या सुमारास सर्वांत कमी असतें. झोंप रोज मोडली कीं हा क्रम बिघडतो, आणि क्रम बिघडला कीं झोंप आणखी मोडते. मेंदूचेंही तसेंच. न्यूयॉर्कच्या रॉकफेलर विद्यापीठांत ब्रूस मॅक्यूअन यानें १९६८ सालीं उंदरांवरील प्रयोगांत दाखविलें कीं, स्मरणाशीं संबंध असलेला हिपोकॅम्पस हा मेंदूचा भाग याच जातीचा रस शोषून धरून ठेवतो. पुढें असेंही आढळलें कीं, ताण दीर्घकाळ चालला तर तेथल्या मज्जापेशींच्या फांद्या आंखूड होतात. आणि ताण थांबला तर त्या पुष्कळ अंशीं पुन्हां वाढतात. या वाक्याचा उत्तरार्ध मला फार दिलासा देतो.

रोगप्रतिकाराची गोष्ट सर्वांत नवलाची. "स्टेरॉइड" हें नांव आपल्या घरांत कोणाच्या तरी दम्याच्या किंवा सांधेदुखीच्या निमित्तानें आलेंच असेल. हीं औषधें कॉर्टिसॉलचींच भावंडें होत. त्याच कुळांतल्या कॉर्टिसोनचा संधिवातावर प्रथम उपयोग १९४८ सालीं झाला, आणि त्याबद्दल हेंच, केंडाल व राइकस्टाइन या तिघांना १९५० चें नोबेल पारितोषिक मिळालें. सूज आणि दाह हीं औषधें तत्काळ उतरवितात. पण फार दिवस घेतलीं तर साखर वाढते, हाडें ठिसूळ होतात, जखमा लौकर भरत नाहींत, आणि जंतूंचें फावतें. म्हणून तीं डॉक्टरांच्या देखरेखीवांचून घेऊं नयेत. तोच रस आपलें शरीर स्वतःच, न मागतां, महिनोन्महिने अधिक करूं लागलें तर काय होईल? शेल्डन कोहेन आणि त्याच्या सहकाऱ्यांनीं १९९१ सालीं प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत ३९४ निरोगी माणसांच्या नाकांत सर्दीच्या विषाणूंचे थेंब घातले. ज्यांच्या मनावर ताण अधिक होता, त्यांना सर्दी होण्याचें प्रमाणही अधिक निघालें. १९९८ सालच्या दुसऱ्या प्रयोगांत तर असें दिसलें कीं, एक महिन्याहून कमी काळाच्या त्रासानें हें प्रमाण वाढत नाहीं. महिना किंवा त्याहून अधिक चाललेल्या गंभीर त्रासानें वाढतें.

येथें एक इशारा देणें मला अवश्य वाटतें. सर्वच रोगांचें खापर काळजीच्या माथ्यावर फोडूं नये. जठरांतला व्रण हा चिंतेचा आणि तिखटाचा रोग, असें पुष्कळ वर्षें समजत असत. ऑस्ट्रेलियांतील पर्थ येथें बॅरी मार्शल आणि रॉबिन वॉरन यांनीं १९८२ सालीं त्याच्या मुळाशीं असलेला जंतु वेगळा करून दाखविला, आणि २००५ सालीं त्यांना नोबेल पारितोषिक मिळालें. आज तो व्रण बहुधा जंतुनाशक औषधांनीं बरा होतो. तेव्हां छातींत कळ आली किंवा वजन झपाट्यानें उतरूं लागलें, तर "काळजीनें होत असेल" असें म्हणून घरीं बसूं नये. आधीं डॉक्टरांकडे जावें.

श्रोतेहो, आतां मीं हा विषय कां मागून घेतला, तें सांगतों. २०१२ सालची गोष्ट. माझ्या आईला दोन वर्षांपासून स्मृतिभ्रंश झाला होता. दिवसा ती बरी असे. रात्र पडली कीं ती दाराची कडी चांचपूं लागे, आणि "मला माझ्या घरीं पोंचवा" असा धोशा धरी. तें घर केव्हांच पडलें होतें. तिला निजवावें, तर तासाभरानें ती पुन्हां उठे. तिच्याजवळ माझी पत्नी निजत असे. माझी शाळा सकाळची असल्यामुळें मी बाहेरच्या खोलींत निजत असें. हें कोणी ठरविलें होतें असें नाहीं. तें आपोआप तसें झालें होतें. घरांतल्या पुष्कळ गोष्टी अशाच आपोआप होतात, आणि त्या नेहमीं एकाच बाजूला कलतात. सकाळीं निघतांना मी तिला म्हणें, "आईची काळजी घे, आणि उगीच काळजी करूं नकोस." या एका वाक्यांत मी दोन आज्ञा देत असें, आणि आपण मोठ्या समजूतदारपणानें बोललों, असें मला वाटे.

त्या वर्षीं श्रावणांत कुकरच्या वाफेनें तिचें मनगट भाजलें. रुपयाएवढा फोड. एरवीं अशा भाजण्याकडे ती ढुंकून पाहत नसे. पण तो फोड फुटला, चिघळला, आणि महिना उलटला तरी भरेना. मीं तिलाच दोष दिला: पाण्यांत हात घालतेस, औषध वेळेवर लावीत नाहींस. शेवटीं आम्ही डॉक्टरांकडे गेलों. ते माझेच जुने विद्यार्थी. त्यांनीं जखम पाहिली, साखर तपासविली. साखर ठीक निघाली. रक्तदाब मात्र १६०/१००. पूर्वीं तो कधींच वाढलेला नव्हता. निदान कोणी पाहिला नव्हता.

त्यांनीं तिला विचारलें, "काकू, रात्रीं सलग झोंप किती तास मिळते?"

ती हंसून म्हणाली, "सलग म्हणजे काय, तेंच विसरलें बाबा मी."

मग ते माझ्याकडे वळले. "आणि गुरुजी, तुम्हांला?"

छत्तीस वर्षांच्या नोकरींत मीं हजारों प्रश्न विचारले असतील; परंतु एवढ्या लहान प्रश्नाला उत्तर देतांना माझी मान कधीं खालीं गेली नव्हती. मला रोज सात तास झोंप मिळत होती. मघाशीं सेल्ये याच्या दुसऱ्या अवस्थेबद्दल बोललों, ती मीं दोन वर्षें माझ्याच घरांत पाहिली होती. ती तग धरून होती, आणि तग धरलेलें माणूस बरें दिसतें.

आम्हीं त्याच दिवशीं व्यवस्था बदलली. एक दिवसाआड रात्रीं आईजवळ मी निजूं लागलों. माझी धाकटी बहीण दर पंधरवड्याला शनिवार-रविवार येऊन राहूं लागली. रोज संध्याकाळीं तासभर पत्नी घराबाहेर पडे. कोठें जाते, कां जाते, हें विचारावयाचें नाहीं, असें मींच मला बजावलें. पहिले आठ-दहा दिवस मोकळ्या रात्रींही तिला झोंप लागली नाहीं. आंतल्या खोलींत कडी वाजली कीं ती उठून बसे. घंटा वाजवणारा थांबला तरी कानांतला नाद लगेच जात नाहीं, त्यांतलाच हा प्रकार. मग हळूहळू ती झोंपूं लागली. पुढल्या तीन आठवड्यांत मनगट भरून आलें. रक्तदाबाची गोळी मात्र आजही चालू आहे. सगळेंच मागें फिरत नाहीं.

एका घरची हकीकत म्हणजे शास्त्राचा पुरावा नव्हे, हें मीही जाणतों. त्या फोडाला दुसरेंही कारण असूं शकेल. परंतु पुढें वाचतां वाचतां एक प्रयोग माझ्या दृष्टीस पडला, आणि मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलों. अमेरिकेंतील ओहायो राज्यांतल्या जॅनिस कीकोल्ट-ग्लेसर या विदुषीनें आणि तिच्या सहकाऱ्यांनीं १९९५ सालीं तो प्रसिद्ध केला. त्यांनीं स्मृतिभ्रंश झालेल्या आप्तांची शुश्रूषा करणाऱ्या १३ स्त्रिया घेतल्या. आणि त्याच वयाच्या, तशाच मिळकतीच्या, परंतु असा भार नसलेल्या दुसऱ्या १३ स्त्रिया घेतल्या. सर्वांच्या हातावर, संमतीनें, साडेतीन मिलिमीटरची अगदीं सारखी जखम केली, आणि ती भरून येण्यास किती दिवस लागतात तें मोजलें. भार नसलेल्या स्त्रियांना सरासरी ३९.३ दिवस लागले. शुश्रूषा करणाऱ्या स्त्रियांना ४८.७. नऊ दिवसांचा फरक! मनांतली काळजी कातडीवर अशी दिवसांच्या हिशोबानें मोजतां येते, हें मला तोंवर माहीत नव्हतें.

आतां कोणी म्हणेल, काळजी तर सर्वांनाच असते. उलट मोठ्या साहेबाला मोठी काळजी. हा समज लंडनमध्यें तपासून पाहण्यांत आला. १९६७ पासून तेथील सुमारे १८,००० सरकारी नोकरांची पाहणी झाली. मायकेल मार्मट आणि त्याच्या सहकाऱ्यांना आढळलें कीं, हृदयविकारानें मरण्याचें प्रमाण सर्वांत वरच्या श्रेणींतल्या अधिकाऱ्यांपेक्षां सर्वांत खालच्या श्रेणींतल्या नोकरांत तिपटीहून अधिक होतें. धूम्रपान वगैरे कारणें हिशोबांत घेतलीं तरी सगळा फरक उलगडला नाहीं. पुढें १९८५ पासून १०,३०८ स्त्रीपुरुष नोकरांची दुसरी पाहणी सुरू झाली. तींत असें दिसलें कीं, आपल्या कामांत ज्याला स्वतःचें कांहीं ठरवितां येत नाहीं, त्याला हृदयविकाराचा धोका अधिक. जबाबदारी मोठी असणें हें तितकें घातक नाहीं. जबाबदारी आपली आणि निर्णय दुसऱ्याचा, ही स्थिति घातक. कचेरींतला शिपाई या स्थितींत असतो. घरांतली सून कोणत्या स्थितींत असते, याचा विचार प्रत्येकानें आपापल्या घरीं करावा.

मग उपाय काय? माझ्याजवळ मंत्र नाहीं. परंतु वर जें सांगितलें त्यांतूनच कांहीं गोष्टी निघतात. पहिली, शेवट नसलेल्या काळजीला आपण सुटी नेमून द्यावी. आजारपण थांबवितां येत नाहीं, कर्ज एका दिवसांत फेडतां येत नाहीं. पण पाळी लावतां येते. मदत ठरलेल्या वारीं, ठरलेल्या वेळीं मिळावी. "लागेल तेव्हां सांग" ही मदत नव्हे, कारण सांगणें हेंही एक कामच होऊन बसतें. दुसरी, झोंप ही चैन समजूं नये. तिसरी, शरीरानें पळण्याची तयारी केलेली असते. त्याला थोडें चालूं द्यावें. प्रौढांनीं आठवड्याला निदान १५० मिनिटें मध्यम व्यायाम करावा, असें जागतिक आरोग्य संघटना सांगते. भरभर चालणें हाही त्यांतच येतो. चौथी, जो भार वाहतो त्याला घरच्या निर्णयांत शब्द असावा. पांचवी, चाळिशीनंतर वर्षांतून एकदां तरी घरांतल्या प्रत्येकाचा रक्तदाब मोजावा, आणि प्रत्येकाचा म्हणजे स्वयंपाकघरांतल्या माणसाचाही. कारण वाढलेला दाब पुष्कळदां कांहींच लक्षण दाखवीत नाहीं. आणि मन अगदींच खचलें, तर बोलण्यास संकोच धरूं नये. सरकारनें १० ऑक्टोबर २०२२ रोजीं "टेलि-मानस" ही सेवा सुरू केली आहे. १४४१६ या क्रमांकावर दूरध्वनि केला असतां मानसिक त्रासाबद्दल विनामूल्य सल्ला मिळतो.

माझी वेळ संपत आली. आई २०१६ सालीं गेली. अखेरच्या दिवसांत ती आम्हां कोणालाच ओळखीत नव्हती. पण रात्रीं हात धरून बसलेलें माणूस आपलें आहे, एवढें तिला कळत असावें. त्या रात्रींत मीही पुष्कळ वेळां तिच्याजवळ होतों, याचें मला समाधान आहे. त्याआधींचीं दोन वर्षें मी नव्हतों, हेंही मी विसरलेलों नाहीं.

आपल्यापैकीं कित्येकांच्या घरीं आज अशीच एखादी व्यक्ति असेल, जी सगळ्यांची काळजी घेते आणि जिच्याबद्दल आपण म्हणतों, "तिला कांहीं होत नाहीं, ती खंबीर आहे." आज रात्रीं तिला एवढेंच विचारा, कीं तुला सलग झोंप किती तास मिळते? आणि उत्तर ऐकल्यावर "काळजी करूं नकोस" असें म्हणूं नका. "उद्यां रात्रीं मी जागतों" असें म्हणा, आणि खरोखर जागा.